सॅल्मन पी. चेस : वकिली, वित्तव्यवस्था आणि न्यायासन

प्रस्तावना

आणीबाणीच्या काळात शासनाने घेतलेला आर्थिक निर्णय शांततेच्या काळात कायद्याच्या कसोटीस उतरतो काय, हा प्रश्न अर्थशास्त्र, राज्यशास्त्र व विधी या तिन्ही विद्याशाखांच्या दृष्टीने महत्त्वाचा आहे. अमेरिकेत हा प्रश्न एकाच व्यक्तीच्या कारकिर्दीत उभा राहिला. सॅल्मन पी. चेस (१८०८-१८७३) यांनी वित्तमंत्री या नात्याने कागदी चलन प्रसृत केले आणि पुढे सरन्यायाधीश या नात्याने त्याच चलनाचा कायदा अंशतः घटनाबाह्य ठरविला. प्रस्तुत लेखात या वाटचालीचा आढावा घेऊन तिच्यातील विसंगतीचा अर्थ स्पष्ट केला आहे.

वकिलीचा काळ

चेस यांचा जन्म न्यू हॅम्पशायर राज्यातील कॉर्निश येथे झाला. डार्टमाउथ महाविद्यालयातून १८२६ मध्ये पदवी घेतल्यावर त्यांनी वॉशिंग्टन येथे महान्यायवादी विल्यम वर्ट यांच्या मार्गदर्शनाखाली कायद्याचा अभ्यास केला आणि १८३० मध्ये सिनसिनाटी येथे वकिली सुरू केली. ओहायो राज्याच्या कायद्यांचे त्यांनी केलेले त्रिखंडात्मक संकलन मान्यता पावले. १८३७ मध्ये त्यांनी मटिल्डा या फरारी गुलाम मुलीची बाजू मांडली. गुलामगिरी ही केवळ स्थानिक कायद्याची निर्मिती असून संघराज्याच्या घटनेने तिला आधार दिलेला नाही, असा त्यांचा युक्तिवाद होता. खटला ते हरले. तथापि शासनाचा अधिकार घटनेतील शब्दांपलीकडे जाऊ शकत नाही, ही भूमिका येथेच पक्की झाली. पुढे ते सिनेटर (१८४९-५५) व ओहायोचे गव्हर्नर (१८५६-६०) झाले.

वित्तमंत्रिपद आणि युद्धखर्च

मार्च १८६१ मध्ये लिंकन यांनी चेस यांच्याकडे वित्तखाते सोपविले आणि पुढील महिन्यात यादवी युद्धास तोंड फुटले. १८४६ च्या कायद्यानुसार सरकारी देवघेव सोन्याचांदीच्या नाण्यांतच करावी लागत असे. बँकांनी दिलेली कर्जेही चेस यांनी नाण्यांतच मागितली. परिणामी बँकांचे साठे आटले आणि डिसेंबर १८६१ च्या अखेरीस त्यांनी नोटांच्या बदल्यात नाणी देणे थांबविले.

या पेचातून २५ फेब्रुवारी १८६२ चा विधिग्राह्य चलन कायदा जन्मास आला. विधिग्राह्य चलन म्हणजे कर्जफेडीसाठी देऊ केल्यास धनकोला नाकारता येत नाही असे चलन. चेस यांना हा मार्ग मनापासून पसंत नव्हता; तिजोरीची निकड पाहून त्यांनी संमती दिली. हिरव्या रंगाच्या मागील बाजूमुळे या नोटांना ‘ग्रीनबॅक’ हे नाव पडले. एक डॉलरच्या नोटेवर स्वतः चेस यांचेच चित्र होते. पुढील कायद्यांमुळे नोटांची मर्यादा ४५ कोटी डॉलरपर्यंत गेली. जुलै १८६४ मध्ये सोन्याचे १०० डॉलर घेण्यासाठी सुमारे २८५ कागदी डॉलर मोजावे लागले.

चेस यांचा खरा भर अन्य साधनांवर होता. जे कुक यांच्या मदतीने रोखे सामान्य नागरिकांपर्यंत पोहोचविण्यात आले. १८६२ मध्ये अंतर्गत महसुलाची यंत्रणा उभी राहिली. १८६३ च्या राष्ट्रीय बँक कायद्याने, सरकारी रोखे तारण ठेवणाऱ्या बँकांना एकसमान नोटा काढण्याचा अधिकार मिळाला. शेकडो बँकांच्या भिन्न नोटांचा गोंधळ दूर करणे आणि रोख्यांना कायम मागणी निर्माण करणे, असा या योजनेचा दुहेरी हेतू होता.

न्यायासनावरून

न्यूयॉर्कमधील एका नेमणुकीच्या वादातून चेस यांनी दिलेला राजीनामा लिंकन यांनी जून १८६४ मध्ये स्वीकारला. परंतु डिसेंबरमध्ये त्यांनाच सरन्यायाधीश नेमले. ७ फेब्रुवारी १८७० रोजी ‘हेपबर्न विरुद्ध ग्रिसवोल्ड’ खटल्याचा निर्णय चेस यांनी लिहिला. कर्जाचा करार १८६० चा, म्हणजे कायद्यापूर्वीचा होता. असे कर्ज अवमूल्यन झालेल्या कागदी चलनात स्वीकारण्याची सक्ती धनकोवर करता येणार नाही, असे न्यायालयाने ठरविले. युद्धाच्या धामधुमीत या प्रश्नाचा शांतपणे विचार शक्य नव्हता, अशी कबुलीही चेस यांनी निर्णयात दिली. त्याच दिवशी राष्ट्राध्यक्ष ग्रँट यांनी दोन नवे न्यायाधीश सुचविले आणि १८७१ मध्ये ५ विरुद्ध ४ मतांनी हा निर्णय फिरविण्यात आला. चेस अल्पमतात राहिले.

निष्कर्ष

चेस यांच्यावर मतपरिवर्तनाचा आरोप होणे स्वाभाविक होते. परंतु १८३७ चा युक्तिवाद आणि १८७० चा निर्णय एकत्र पाहिल्यास वकील व न्यायाधीश यांच्यात सातत्य दिसते; अपवाद ठरतो तो मधला वित्तमंत्री. ग्रीनबॅकशिवाय सैन्याचे वेतन व पुरवठ्याची देणी भागविणे अवघड होते, हे खरे. मात्र सोन्याच्या भरवशावर कर्ज देणाऱ्या धनकोने त्या निकडीची किंमत का मोजावी, हा प्रश्नही तितकाच खरा होता. आणीबाणीत वापरलेला अधिकार ती संपल्यावरही शासनाकडेच राहतो, आणि तो निर्माण करणाऱ्यालाही तो सहजासहजी परत घेता येत नाही, हा या कारकिर्दीतून मिळणारा महत्त्वाचा धडा होय.