इतिहास टिपणारा डोळा

दिवाळीच्या सुट्टीत सिहोऱ्याला घरी गेलो तेव्हा आजोबांना खिडकीपाशी बसवून त्यांच्या १९७१ च्या लढाईच्या आठवणी मोबाईलवर टिपल्या. पाऊण तास ते मनापासून बोलले. रात्री पाहिले तर आवाज स्वच्छ, पण चेहरा काळाठिक्कर! उजेड त्यांच्या पाठीमागून येत होता, हे माझ्या लक्षातच आले नव्हते. दुसऱ्या दिवशी पुन्हा विचारले, तर त्यांनी चार वाक्यांत आटोपले. कॅमेरा चालवणे वेगळे आणि छायालेखन वेगळे, हे तेव्हा कळले. म्हणून या व्यवसायाची माहिती काढली. ती मित्रांनो, तुम्हालाही सांगतो.

माहितीपटाच्या छायालेखकाला प्रसंग एकदाच मिळतो. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावे दादा यांनी १८९९ मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनमधील कुस्ती चित्रित केली. १९०१ मध्ये रँग्लर परांजपे केंब्रिजहून परतले, तेही त्यांनी टिपले. असे क्षण 'पुन्हा करा' म्हणता येत नाहीत. ऊन कुठून येईल, माणूस कुठून येईल, कॅमेरा कुठे ठेवायचा, हे आधीच ठरवावे लागते.

ऐतिहासिक चित्रपटात प्रसंग पुन्हा घडवता येतो, पण तो खरा वाटावा लागतो. कोल्हापूरच्या बाबुराव पेंटरांनी १९२३ मध्ये 'सिंहगड' काढला. त्यात शेलारमामा झाले होते व्ही. शांताराम. तानाजींचा हल्ला रात्रीचा, आणि त्या काळच्या फिल्मला तर भरपूर प्रकाश लागे. बाबुरावांनी या चित्रपटासाठी कृत्रिम प्रकाश वापरला. ते मुळात चित्रकार होते, त्यामुळे छाया-प्रकाशाची जाण हातातच होती. त्या फिल्मवर लाल रंग काळपट उमटे. म्हणजे पोशाखाचा रंगही कॅमेऱ्याच्या नजरेने निवडावा लागे.

हे शिकायचे असेल तर पुण्याची फिल्म इन्स्टिट्यूट (स्थापना १९६०) आहे. पदवीनंतर तेथे छायालेखनाचा तीन वर्षांचा अभ्यासक्रम करता येतो. १९६४ पासून जुने चित्रपट जपणारे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयही पुण्यातच आहे. शाळेत असताना भौतिकशास्त्रातील प्रकाशाचा धडा, चित्रकला आणि इतिहास हे तिन्ही मन लावून करावेत. सूर्योदयाच्या पी.टी.ला मैदानावरच्या सावल्या रोज पाहाव्यात, हाही अभ्यासच.

उन्हाळ्याच्या सुट्टीत आजोबांना खिडकीकडे तोंड करून बसवणार आहे. प्रश्न मात्र लढाईचा नाही, त्यांच्या पलटणीतल्या मित्रांचा विचारीन. त्यांच्याबद्दल ते कधीच चार वाक्यांत थांबत नाहीत.