नगरची मावशी आणि हॉलिवूडचा राक्षस

माणिकपुरातून किल्ल्याकडे निघालेल्या शेअर रिक्षात शेजारच्याला विचारून बघा, की ‘फ्रँकेन्स्टाइन’ सिनेमातल्या त्या चपट्या डोक्याच्या, मानेत खिळे ठोकलेल्या राक्षसाचा आपल्या वसईशी संबंध काय? भला माणूस असेल तर हसेल, नाहीतर पुढच्या नाक्यावर उतरून जाईल. पण संबंध आहे. जरा ओढूनताणून आणावा लागतो, पण आहे.

३१ डिसेंबर १८०२ ला दुसऱ्या बाजीरावानं इंग्रजांशी वसईचा तह केला. शिंदे-भोसल्यांना तो रुचला नाही, लढाई जुंपली आणि आर्थर वेलस्लीनं १२ ऑगस्ट १८०३ ला शिंद्यांच्या ताब्यातला अहमदनगरचा किल्ला घेतला. नगरला (आताच्या अहिल्यानगरला) गोऱ्या फौजेचा तळ पडला. त्याच तळावर नोव्हेंबर १८३१ मध्ये एका सार्जंटच्या घरी मुलगी जन्मली. ही मुलगी म्हणजे बोरिस कार्लॉफच्या आईची सख्खी मावशी. आणि बोरिस कार्लॉफ म्हणजे तो राक्षस. बाजीरावाला सही करताना याची कल्पना असणं शक्यच नव्हतं!

मावशीचं नाव ॲन एडवर्ड्‌स. जगाला ती ॲना लिओनोवेन्स म्हणून माहीत आहे. ‘द किंग अँड आय’मध्ये डेबोरा कर घोळदार झगा सावरत सयामच्या राजाला नाचायला शिकवते ना, तीच ही बाई. १८६२ ते १८६७ अशी पाच वर्षं ती बँकॉकच्या राजवाड्यात शिक्षिका होती. राजा मोंगकुटला मुलं ८२, त्यामुळे वर्ग भरण्याची चिंता नव्हती.

बाईंनी स्वतःबद्दल जे सांगितलं ते असं: जन्म १८३४ चा, वेल्समधल्या कार्नार्व्हनचा. वडील कॅप्टन. नवरा मेजर, सिंगापूरला वाघाच्या शिकारीनंतर गेला. खरं असं: वडील टॉमस एडवर्ड्‌स हे लंडनचे सुतारकाम करणारे गृहस्थ, इथे येऊन सैन्यात सार्जंट झाले आणि मुलगी जन्मण्याआधीच वारले. आईचे वडील ग्लासकॉट १८१० मध्ये मुंबईच्या फौजेत आले. त्यांच्या बायकोचं नाव कागदोपत्री कुठेच सापडत नाही, त्यामुळे ती इथलीच, निदान अर्धी इथली असावी, असं अभ्यासक धरून चालतात. लग्न झालं पुण्यात, १८४९ च्या नाताळच्या दिवशी. नवरा टॉमस लिऑन ओवेन्स हा साधा कारकून. पुढे पेनांगला हॉटेल चालवायला गेला आणि तिथेच १८५९ मध्ये वारला. वाघ त्यात कुठेच नाही. ‘लिऑन’ आणि ‘ओवेन्स’ जोडून मावशीनं एक भारदस्त आडनाव मात्र तयार केलं.

हिंदुस्थानात जन्मलेल्या, मिश्र रक्ताच्या विधवेला त्या काळच्या गोऱ्या समाजात काय किंमत होती, हे लक्षात घेतलं तर तिच्या थापांना हसवत नाही. मला तर ही बाई जाम आवडते. पण थाप टिकवायची तर खरं माहीत असणाऱ्यांपासून लांब राहावं लागतं. सख्खी बहीण एलायझा हिच्याशी तिनं संबंध कायमचे तोडले.

त्या एलायझाची मुलगी १८४८ मध्ये सुरतेला जन्मली आणि सोळाव्या वर्षी एडवर्ड प्रॅट यांच्या घरी नांदायला गेली. प्रॅट सरकारच्या मीठ खात्यात नोकरीला. (मीठ खातं म्हणजे काय ते वसई-नायगावकरांना सांगायला नको.) या जोडप्याचं शेंडेफळ लंडनमध्ये २३ नोव्हेंबर १८८७ ला जन्मलं: विल्यम हेन्री प्रॅट. त्याच १८८७ साली ॲनामावशी कॅनडातल्या हॅलिफॅक्सला कलाशाळा उभारण्यात गुंतली होती. ती शाळा आजही चालू आहे, आता तिचं विद्यापीठ झालंय.

घरच्यांना वाटत होतं, विल्यमनं भावांसारखं साहेबाच्या नोकरीत जावं. एक भाऊ तर चीनमध्ये मोठा मुत्सद्दी झाला, ‘सर’ झाला. विल्यमनं किंग्ज कॉलेज अर्धवट सोडलं आणि १९०९ मध्ये सरळ कॅनडा गाठलं. शेतावर मजुरी केली, पडेल ते काम केलं आणि एका फिरत्या नाटक कंपनीत शिरला. तिथे ‘विल्यम प्रॅट’ नाव चालेना, म्हणून ‘बोरिस कार्लॉफ’ झाला. कार्लॉफ हे आईकडच्या पूर्वजांचं नाव, असं तो सांगायचा. पुढे त्याच्या मुलीनं शोधलं, तर तसा कुणी पूर्वज सापडला नाही. स्टुडिओवाल्यांना रशियन वाटला तर बरंच होतं. नाव स्वतः घडवायचं आणि त्याला वंशावळ जोडायची, ही विद्या घराण्यातच होती म्हणायची.

हॉलिवूडमध्ये दहा-बारा वर्षं किरकोळ कामं. सावळा वर्ण, खोल डोळे, त्यामुळे मूकपटांत कधी अरब, कधी मेक्सिकन, कधी रेड इंडियन. काम नसलं की ट्रक चालवायचा. १९३१ मध्ये दिग्दर्शक जेम्स व्हेलनं त्याला युनिव्हर्सलच्या कँटीनमध्ये जेवताना पाहिलं आणि डोक्याचा आकार पसंत पडला! नट बेला लुगोसीला राक्षसाची ती भूमिका नको होती. ज्या भूमिकेत तोंडातून शब्द फुटत नाही ती कुठला नावाजलेला नट घेणार?

आता रंगपटात जरा थांबू, कारण खरी गंमत इथे आहे. रंगभूषाकार जॅक पियर्स. रोज पहाटे चार तास एकटा माणूस एकाच चेहऱ्यावर काम करणार. कापसाचे थर, त्यावर घशात जाणारा उग्र वास मारणारं कोलोडियन, असं करत करत कपाळ चढवायचं. वर करडा-हिरवट रंग, म्हणजे कृष्णधवल पडद्यावर प्रेतकळा दिसते. पापण्या जड दिसाव्यात म्हणून त्यांवर मेण. ही कल्पना स्वतः कार्लॉफची, कारण डोळे फारच शहाण्या माणसाचे दिसत होते. त्याच्या तोंडात एका बाजूला बसवलेले दात होते. ते काढून ठेवले की गाल खपाटीला जाई, तोही राक्षसाच्या कामी आला. एकेक बूट पाच-सहा किलोचा, अंगात भर घातलेला कोट आणि ऐन उन्हाळ्यातलं चित्रीकरण. संध्याकाळी हा सगळा साज उतरवायला पुन्हा तास-दीड तास.

एवढं करून सुरुवातीच्या श्रेयनामावलीत राक्षसासमोर काय? नुसतं प्रश्नचिन्ह. पहिल्या खेळाचं आमंत्रणही त्याला नव्हतं. वय वर्षं ४४ आणि पाठीशी ऐंशीच्या आसपास सिनेमे.

तळ्याकाठचा तो प्रसंग आठवा. छोटी मुलगी राक्षसाबरोबर पाण्यात फुलं सोडते, फुलं संपल्यावर राक्षस तिलाच सोडतो. मेरिलिन हॅरिस नावाची सात वर्षांची पोर होती. सांगतात, की पूर्ण वेशातल्या कार्लॉफच्या गाडीत बसायला सगळे कचरत होते, तेव्हा हिनंच त्याचा हात धरला आणि म्हणाली, मी याच्याबरोबर येते. तिला पाण्यात फेकायला कार्लॉफचा विरोध होता. पण फेकावं लागलं, तेही पुन्हा एकदा, कारण पहिल्या वेळी मनासारखं जमलं नाही. दुसऱ्यांदा पाण्यात जायचं तर काय देऊ, असं व्हेलनं विचारलं. पोरीनं डझनभर उकडलेली अंडी मागितली आणि म्हणे दोन डझन मिळाली. हे दृश्य पुढे कापलं गेलं आणि पन्नासेक वर्षांनी सिनेमात परत आलं.

आपल्याकडे निळूभाऊ फुले यांचं असंच होतं. पडद्यावर पाटील, सरपंच, कारखान्याचा चेअरमन, बायाबापड्यांनी बोटं मोडावीत असा. प्रत्यक्षात सेवा दलाचा, मृदू बोलणारा, पुस्तकं वाचणारा माणूस. नट होण्याआधी निळूभाऊ पुण्याच्या सैनिकी वैद्यकीय महाविद्यालयात माळीकाम करत, कार्लॉफ ट्रक हाकत होता. प्रेक्षकाला घाबरवण्याचं कसब बहुधा सज्जनांनाच साधतं. खऱ्या दुष्टाला तेवढी मेहनत कशाला करावी लागेल?

राक्षस संघटनावालाही होता. अठरा-अठरा तास राबवून घेणाऱ्या स्टुडिओंना कंटाळून नटांनी १९३३ मध्ये स्क्रीन ॲक्टर्स गिल्ड काढली, तिचा हा संस्थापक सदस्य, क्रमांक ९. त्याच वर्षी सिनेमासाठी तो लंडनला परतला. घराण्याचं नाव बुडवलं म्हणून भाऊ काय म्हणतील याची धाकधूक होती. जाहिरातीचा फोटो काढायची वेळ आली, तर ते मोठमोठे साहेब भाऊ कोण कुठे उभा राहणार यावरून आपसांत हुज्जत घालू लागले!

क्रिकेटचं वेड मात्र अस्सल. हॉलिवूड क्रिकेट क्लबात तो असायचा. तो क्लब काढला सी. ऑब्रे स्मिथ यांनी, म्हणजे हॉलिवूडमधले कायमचे पांढऱ्या मिशांचे इंग्रज कर्नल. हे गृहस्थ आयुष्यात एकच कसोटी खेळले, १८८९ मध्ये दक्षिण आफ्रिकेत, तीही इंग्लंडचे कर्णधार म्हणून, आणि पहिल्या डावात १९ धावांत ५ बळी घेतले. चरित्र अभिनेत्याचं आधीचं चरित्र असं असावं.

१९४१ मध्ये ब्रॉडवेवर ‘आर्सेनिक अँड ओल्ड लेस’ आलं. त्यातला खुनी सांगतो, की मी त्या माणसाला मारलं, कारण तो म्हणाला, मी बोरिस कार्लॉफसारखा दिसतो. आणि हे वाक्य म्हणणारा नट साक्षात बोरिस कार्लॉफ! प्रेक्षागृह कोसळायचं. त्यावर सिनेमा निघाला तेव्हा नाटकवाल्यांनी त्याला सोडलं नाही, भूमिका रेमंड मॅसीकडे गेली आणि विनोदातली अर्धी हवा गेली.

मुलगी सारा जन्मली ती २३ नोव्हेंबर १९३८ ला, बापाच्याच वाढदिवशी, तिसऱ्या फ्रँकेन्स्टाइनपटाचं चित्रीकरण चालू असताना. त्या सिनेमाच्या वेळची रंगीत घरगुती फिल्म शिल्लक आहे, तिच्यात हिरवागार राक्षस जीभ काढून दाखवतो. १९६६ मध्ये त्यानं ‘ग्रिंच’ या नाताळच्या कार्टूनला आवाज दिला आणि त्या रेकॉर्डला लहान मुलांच्या गटात ग्रॅमी मिळालं. २ फेब्रुवारी १९६९ ला, ८१ व्या वर्षी, ससेक्समध्ये तो वारला.

मग मावशीची लबाडी उघडकीला आणली कुणी? इतिहासकारानं नव्हे, पोलिसानं नव्हे. डब्ल्यू. एस. ब्रिस्टो नावाचे इंग्रज गृहस्थ कोळ्यांचे जाणकार होते. पाचूबंदरच्या नव्हे, आठ पायांच्या. ॲनाचा मुलगा लुई याचं चरित्र लिहावं म्हणून त्यांनी जन्माचे दाखले शोधायला घेतले, तर तिनं सांगितलेल्या जागी काहीच सापडेना. माणिकपुरात ज्यानं कधी सेंट मायकल चर्चमध्ये आजोबांच्या बाप्तिस्म्याची नोंद शोधली असेल त्याला हा खटाटोप कळेल. धागा ओढत ओढत ब्रिस्टो हिंदुस्थानातल्या नोंदींपर्यंत पोचले आणि सार्जंट एडवर्ड्‌सची लेक हाती लागली. त्यांचं पुस्तक आलं १९७६ मध्ये. तोवर मावशीची थाप शंभर वर्षांहून जास्त टिकली होती, भाचीच्या मुलाच्या रंगभूषेपेक्षा कितीतरी पक्की.