हरवलेला वृक्ष आणि त्याचा आपला सगोत्री

कळंब हें कदंबाचेंच मराठी नांव. आमच्या गांवाच्या नांवांतच वृक्ष आहे. परंतु ओळख बुजली म्हणजे उभा वृक्षही हरवतो, याचें एक उदाहरण स्कॉटलंडांत घडलें.

एल्म वृक्षाची वेंटवर्थ नांवाची एक शोभिवंत जात आहे: शाखा लोंबत्या, पानें मोठीं व तकतकीत. १९०२ सालीं तिचीं तीन रोपें जर्मनींतून एडिंबरोच्या वनस्पति-उद्यानांत आलीं. पैकीं एक वृक्ष बुरशीच्या रोगानें १९९६ मध्यें गेला. उरलेल्या दोहोंचा पत्ता नव्हता. ती जात नामशेष झाली, असेंच सर्व समजत. पुढें २०१६ मध्यें त्याच शहरांतील होलीरूड राजवाड्याच्या बागेंत तिचे दोन उंच वृक्ष आढळले. बहुधा तेच ते दोन. लोकांच्या डोळ्यांसमोर ते उभेच होते. हरवली होती ती ओळख.

एल्मच्याच कुळांतील आपला वृक्ष म्हणजे वावळ, संस्कृतांतील चिरबिल्व. याचें पान चुरगळलें असतां उग्र दर्प येतो; उन्हाळ्यांत याचीं चपटीं, पंखयुक्त फळें वाऱ्यावर भिरभिरत जातात. वावळ अद्यापि दुर्मिळ नाहीं; पण त्यास नांवानें ओळखणारीं मुलें किती घरांत आहेत? येत्या चैत्र-वैशाखांत वडीलधाऱ्यांनीं नातवंडांस एक तरी वावळ दाखवून त्याचें नांव सांगावें, अशी आमची विनंति आहे.