आजी, समुद्र शिजवतेयस का?

नाताळच्या सुट्टीत माझी भाची पुण्याहून आजोळी, म्हणजे आमच्या मुरुडच्या घरी आली होती. संध्याकाळी किनाऱ्यावर मनसोक्त हुंदडली, पायांची वाळू पडवीत झटकली आणि स्वयंपाकघराच्या दारात येऊन एकदम थबकली. नाक वर करून दोनदा हुंगलं आणि म्हणाली,

"आजी, समुद्र शिजवतेयस का गं?"

"अगं बाई, कोबी!" आईनं कपाळावर हात मारला. कोबी उकडत ठेवून ती कुंपणापाशी शेजारच्या काकूंशी बोलत उभी राहिली होती. बोलणं संपलं तेव्हा झाकणाखालचा कोबी पार गळून गेला होता आणि घरभर तो ओळखीचा वास पसरला होता. भाचीनं नाक चिमटीत धरलं. "शी! मी नाही खाणार."

"नको खाऊस. उद्या त्याच कोबीच्या भावाचं भानोलं करते. मग बघू," आई म्हणाली.

भाचीचं ते वाक्य मात्र माझ्या डोक्यातून जाईना. आम्ही सगळे तिला हसलो होतो. पण तिचं नाक चुकलं नव्हतं. उकडलेल्या कोबीच्या वासात आणि समुद्राच्या वासात खरोखरच एक पाहुणा सामाईक आहे!

पाहुण्याचं नाव काय?

त्याचं नाव डायमिथाइल सल्फाइड. नाव हे एवढं लांब, पण रेणू इवलासा: मध्ये गंधकाचा एक अणू, त्याच्या दोन बाजूंना कार्बनचा एकेक अणू आणि त्यांना चिकटलेले हायड्रोजनचे सहा अणू. शास्त्रज्ञसुद्धा एवढं नाव घ्यायला कंटाळतात आणि त्याला नुसतं डीएमएस म्हणतात. आपणही तेच म्हणू.

डीएमएसची एक गंमत ऐका. पाणी उकळायला १०० अंश सेल्सिअस तापमान लागतं, हो ना? डीएमएस ३७ अंशांनाच उकळतो! ३७ अंश म्हणजे तुमच्या-माझ्या अंगाची ऊब. इतका तो उडाणटप्पू. थोडी उष्णता मिळाली की निघाला हवेत भटकायला. आणि तो चिमूटभर असला तरी आपल्या नाकाला लगेच कळतं.

कोबीत तो येतो कुठून? कच्च्या कोबीत गंधक असलेले काही पदार्थ गपचूप बसलेले असतात. त्यातला एक उष्णतेनं फुटतो आणि डीएमएस सुटतो. जितका वेळ उकडाल तितका तो सुटतच राहतो. त्याच्या जोडीला गंधकाचे आणखीही वायू येतात. सडक्या अंड्याचा वास देणारा हायड्रोजन सल्फाइड त्यातलाच. म्हणजे काकूंशी गप्पा जितक्या लांबल्या, तितका वास वाढला.

आणि समुद्रात?

मुरुडच्या किनाऱ्यावर उभं राहिलं की समोर पद्मदुर्ग दिसतो. आम्ही त्याला कासा म्हणतो. आपल्याला वाटतं, किनारा ते कासा नुसतं पाणीच पाणी. पण त्या पाण्याच्या थेंबाथेंबात सूक्ष्म हिरवे जीव असतात. त्यांना म्हणतात वनस्पतिप्लवक. खारट पाण्यात राहायचं म्हणजे सोपं काम नाही. मीठ पेशीतलं पाणी ओढून घेऊ पाहतं. म्हणून यातले कित्येक जीव आपल्या पेशींत गंधकाचा एक खास पदार्थ साठवतात. पाणी बाहेर जाऊ नये म्हणून केलेली ती तजवीज. ओहोटीला खडकांवर हिरवं शेवाळ उघडं पडतं ना, त्यातही हा पदार्थ असतो.

हे जीव मेले किंवा कुणी त्यांना खाल्लं, की तो साठा पाण्यात सांडतो. जीवाणू त्याच्यावर ताव मारतात, आणि त्यातून सुटतो आपला डीएमएस. लाटांबरोबर तो हवेत येतो आणि वाऱ्याबरोबर आपल्या पडवीत.

(सुक्या बोंबलांचा वास हा मात्र वेगळा गडी बरं का. त्यात गंधक नसतं, नायट्रोजन असतो. मासळीला आई आगळ किंवा लिंबू लावते ते याच वासाला आवरायला. त्याची गोष्ट पुन्हा कधीतरी.)

डीएमएसचा वास घेणारे आपण एकटे नाही. १९९५ मध्ये गॅब्रिएल नेविट या अमेरिकी संशोधिकेनं आणि तिच्या सहकाऱ्यांनी दाखवून दिलं, की दूर समुद्रावर उडणारे काही पेट्रेल पक्षी डीएमएसचा माग काढत येतात. का? प्लवकांना कोळंबीसारखे बारके जीव खाऊ लागले की डीएमएस जास्त सुटतो. म्हणजे तो वास त्या पक्ष्यांना सांगतो, 'या, या, पान वाढलंय!' आणि नंतर हवेत या डीएमएसचे बारीक कण होतात. त्या कणांवर बाष्प जमून ढगांचे थेंब तयार होतात. म्हणजे आपल्या डोक्यावरच्या ढगातही थोडासा तो असू शकतो.

कोबी मूळचा कुठला?

रात्री भाचीला हे सगळं सांगितलं, तर तिनं पुढचा प्रश्न टाकला. "मामा, मग कोबी आधी समुद्रात राहायचा का?"

समुद्रात नाही, पण समुद्रकाठी नक्की. आज आपल्याकडे कोबी घाटावरून टेम्पोनं येतो. पण त्याचे रानटी भाऊबंद अजूनही युरोपात समुद्रकाठच्या उंच कड्यांवर, खारा वारा खात वाढतात. त्यांना गड्डा नसतो; जाड, मेणचट, सुटी पानं असतात. ते मेण आपल्या कोबीवरही आहे. बाहेरच्या पानावर पाणी टाकून बघा, थेंब अळूच्या पानावरच्यासारखा घरंगळतो. माणसांनी पिढ्यान्‌पिढ्या निवडून निवडून बी पेरलं आणि एकाच जातीच्या झाडातून कितीतरी भाज्या घडवल्या. शेंड्याची कळी उमलू न देता मोठी केली, तो कोबी. फुलांचे कळे गच्च केले, तो फ्लॉवर. खोड फुगवलं, तो नवलकोल. ब्रोकोलीही त्यांचीच बहीण. उद्या बाजारात हे चौघं शेजारी शेजारी दिसले, तर समजा की घरचंच संमेलन भरलंय.

आणि 'कोबी' हा शब्दही समुद्रावरूनच आला! पोर्तुगीज लोक कोबीला 'कोव्ह' म्हणतात. त्यावरून आपला कोबी. पाव, बटाटा आणि चावी हे शब्दही त्यांच्याच गलबतातून उतरलेले. मुरुडहून रेवदंड्याच्या रस्त्याला लागलात की कोर्लई लागतं. तिथल्या डोंगरावर पोर्तुगिजांचा किल्ला आहे. १७४० मध्ये तो मराठ्यांकडे आला आणि पोर्तुगीज गेले. पण कोर्लईतली काही कुटुंबं आजही घरात पोर्तुगीज मिसळलेली बोली बोलतात. तिला ते 'नो लिंग' म्हणतात, म्हणजे 'आपली भाषा'.

भानोल्याचा दिवस

दुसऱ्या दिवशी आईनं पदर खोचला. कोबीचं भानोलं हा आपल्याकडच्या सीकेपी आणि पाठारे प्रभू घरांतला जुना पदार्थ. ओव्हन आपल्या घरात येण्याच्या कितीतरी आधीपासून आपल्याकडे हे 'बेकिंग' चालू होतं: पातेलं मंद निखाऱ्यांवर ठेवायचं, आणि झाकणावरही निखारे. खाली विस्तव, वर विस्तव. झाला की ओव्हन!

आईचं माप असं: अर्धा किलो कोबी बारीक चिरून, एक कांदा, आलं-लसूण-मिरचीचं वाटण, अर्धी वाटी ओलं खोबरं, हळद, कोथिंबीर आणि मीठ. हे सगळं कालवून दहा मिनिटं ठेवलं. काय झालं? कोबीला पाणी सुटलं. मिठानं पेशीतलं पाणी बाहेर ओढलं; प्लवक ज्या संकटापासून स्वतःला वाचवतात, तेच संकट कोबीवर आलं! त्या पाण्यातच वाटीभर बेसन आणि थोडं तेल मिसळलं. वरून पाणी घालायची गरजच पडली नाही. खरं भानोलं कोळंबी घालून करतात. आमच्या घरी त्या दिवशी गुरुवार होता, म्हणून कोळंबीला सुट्टी.

मग भाचीनं हळूच विचारलं, "वर चीज घालू या?" आईनं माझ्याकडे पाहिलं, मी छताकडे. शेवटी आई म्हणाली, "घाल बाई, पण शेवटची दहा मिनिटं राहिली की."

१८० अंशांवर पाऊण तासाचं काम. चीज आधी घातलं असतं तर वाळून चामड्यासारखं झालं असतं.

वास गेला कुठे?

ओव्हन उघडला तेव्हा भाची पुन्हा नाक वर करून उभी. पण आज चिमूट नाही! डीएमएस आजही सुटला होताच. पण काल तो झाकणाखाली कोंडला होता, आज उघड्या भांड्यातून बराचसा उडून गेला. उरला त्यातल्या काहीला तेलानं, खोबऱ्यानं आणि चीजमधल्या स्निग्धानं धरून ठेवलं. असले रेणू पाण्यापेक्षा तेला-तुपात जास्त रमतात.

शिवाय आज नवे सुवास आले होते. पाण्यात उकडलेली वस्तू १०० अंशांच्या वर जातच नाही, म्हणून कितीही उकडा, कोबी खरपूस होत नाही. भानोल्याचा वरचा थर मात्र सुकतो आणि शंभरी ओलांडतो. १४० अंशांच्या आसपास प्रथिनं आणि साखरा एकमेकींशी जोरात खेळू लागतात. रंग तांबूस होतो आणि शेकडो नवे वास जन्मतात. १९१२ मध्ये लुई-कामिय मायार या फ्रेंच शास्त्रज्ञानं हा खेळ पहिल्यांदा मांडला. भाकरीचा पापुद्रा आणि भाजलेले शेंगदाणे खमंग लागतात, तेही यामुळेच.

भाचीनं दोन वड्या खाल्ल्या. मग तिसरी मागितली.

करून पाहा (मोठ्या माणसाला सोबत घेऊन)

१. तव्यावर मंद आचेवर एका बाजूला चीजचा तुकडा ठेवा, दुसऱ्या बाजूला पनीरचा. चीज वितळेल, पनीर नुसतं भाजेल. चीजमध्ये प्रथिनांच्या जाळ्याला कॅल्शियमनं सैलसर बांधलेलं असतं. गरम झालं की जाळं ढिलं पडून वाहू लागतं. पनीर करताना तापलेल्या दुधात लिंबू पिळतात. त्या आंबटपणानं कॅल्शियम निघून जातं आणि प्रथिनं एकमेकींना घट्ट मिठी मारतात. ती मिठी उष्णतेनं सुटत नाही.

२. कोबीचे सारखे दोन तुकडे घ्या. एक पाच मिनिटं उकडा, दुसरा वीस मिनिटं, दोन्ही झाकण ठेवून. डोळे मिटून हुंगा. कुठला कुठला ते ओळखता आलं?

परतीच्या आदल्या संध्याकाळी आम्ही दोघं पुन्हा किनाऱ्यावर गेलो. सुरूच्या झाडांपाशी उकडलेल्या मक्याची गाडी उभी होती. गाडीवाल्यानं डब्याचं झाकण उचललं, पांढरी वाफ उसळली. भाची चालता चालता थांबली. नाक वर. दोनदा हुंगलं.

"मामा," ती म्हणाली, "यात पण तोच आहे!"

उकडलेल्या मक्याच्या वासातही डीएमएस असतो, हे मी तिला सांगितलंच नव्हतं.