बाटलीवरचा मासा

मध्यमवर्गीय घरांच्या फडताळात एके काळी एक बाटली हटकून असे. पाठीवर भलाथोरला मासा घेऊन उभ्या असलेल्या कोळ्याचे चित्र तिच्यावर असायचे आणि बाटलीचे बूच निघाले की घरातली मुले पसार व्हायची! मग आई एकेकाला धरून आणी, चमचा तोंडात रिकामा करी आणि वर खडीसाखरेचा खडा ठेवी. ती चव पुष्कळांच्या जिभेवर अजून असेल. पण चित्रातल्या त्या माशाची विचारपूस आपण कधी केली आहे काय?

त्या माशाचे नाव कॉड. उत्तर अटलांटिकच्या गारठलेल्या पाण्यात, समुद्राच्या तळालगत तो राहतो. पाठीवर तीन पर आणि हनुवटीखाली एकुलती एक मिशी, ही त्याची खूण. खाण्याच्या बाबतीत त्याला विधिनिषेध नाही. खेकडे, शिंपले, लहान मासे, प्रसंगी आपल्याच जातीची पिलेसुद्धा तो गिळतो. कॅनडाच्या पूर्वेकडील न्यूफाउंडलंड बेटाजवळ हिवाळ्यात पाणी शून्य अंशाच्याही खाली उतरते. तिथल्या कॉडच्या रक्तात गोठण थोपवणारी प्रथिने तयार होतात आणि तो सुखाने जगतो.

आपल्या बांगड्याची, तारलीची चरबी मांसात मुरलेली असते. कॉडची बहुतेक सारी यकृतात साठते. त्यामुळे यकृताच्या तेलातून अ आणि ड जीवनसत्त्वे मिळाली आणि मुलांच्या मुडदुसावर औषध सापडले. मांस कोरडे असल्यामुळे ते वाळवून महिनोन् महिने टिकू लागले. नॉर्वेच्या लोफोटेन बेटांवर लाकडी मांडवांना टांगून, मिठाचा कणही न लावता, थंड वाऱ्यावर कॉड आजही वाळवतात. पोर्तुगिजांनी हाच मासा खारवून आपलासा केला आणि त्यांच्याबरोबर तो गोव्याच्या स्वयंपाकघरातही आला.

१४९७ साली जॉन कॅबट न्यूफाउंडलंडच्या बाजूला जाऊन परतला, तेव्हा तिकडे नुसती टोपली पाण्यात सोडली तरी मासे भरून येतात, अशी वार्ता युरोपात पसरली. पुढे शतकानुशतके गलबते भरभरून मासळी आली. १८८३ साली लंडनच्या मत्स्यप्रदर्शनात थॉमस हक्स्ली या नामांकित शास्त्रज्ञाने कॉडसारखी मासेमारी बहुधा कधी सरणारच नाही, असे मत दिले. द्रौपदीची थाळीच जणू! एकेक मादी लाखो अंडी घालते म्हटल्यावर काळजी कसली?

पण त्या लाखांतली मोठी होतात ती किती? बोटावर मोजण्याइतकी. शिवाय थंड पाण्यातला कॉड वयात यायला पाच-सहा वर्षे लागतात आणि सर्वांत जास्त अंडी घालतात त्या थोरल्या माद्या. जाळ्यात नेमक्या त्याच आधी सापडतात.

१९५४ साली ‘फेअरट्राय’ नावाचे ब्रिटिश जहाज पाण्यात उतरले. मासे तळावरून ओढून काढायचे, जहाजावरच कापायचे आणि तिथेच गोठवायचे! म्हणजे तरंगता कारखानाच. मग अनेक देशांचे असे कारखाने न्यूफाउंडलंडभोवती जमले. १९६८ साली तिथल्या उत्तरेकडील कॉडची पकड आठ लाख टनांवर गेली. बियाण्याचे धान्यच दळून खाण्याचा हा प्रकार होता.

१९७७ साली कॅनडाने २०० सागरी मैलांची हद्द आखून परक्या जहाजांना आवर घातला. पण त्यांची जागा स्वदेशी ट्रॉलरांनी घेतली. किनाऱ्यावरचे लहान होडीवाले सांगत होते, ‘मासा लहान झाला, कमी झाला.’ सरकारी हिशेब मात्र समुद्रात पुष्कळ मासे दाखवीत होते. ट्रॉलरांची जाळी भरत होती ना? ती भरत होती, कारण उरलेले कळप जिथे एकवटले होते नेमके तिथेच यंत्रे त्यांना हुडकून काढीत होती!

अखेर २ जुलै १९९२ रोजी मंत्री जॉन क्रॉस्बी यांनी सेंट जॉन्स येथे मासेमारीबंदी जाहीर केली. सुमारे तीस हजार माणसांचे काम एका दिवसात गेले. आजोबा, बाप, मुलगा ज्या धक्क्यावरून समुद्रात गेले, त्या धक्क्यावर होड्या उपड्या पडून राहिल्या. पुष्कळ तरुण कुटुंबांनी बिऱ्हाड आवरून मुख्य भूमीची वाट धरली. बंदी दोन वर्षांची म्हणून सांगितली होती. मधल्या काळात किनाऱ्यालगत थोडीबहुत मासेमारी चालू राहिली. पण बंदी औपचारिकपणे उठायला २०२४ साल उजाडले. त्या वर्षी परवानगी मिळाली ती १८ हजार टनांची. कुठे आठ लाख आणि कुठे अठरा हजार!

त्या वर्षांत पाणी अधिक थंड झाले होते, हेही एक कारण सांगतात. असेल. परंतु थंडी कॉडने हजारो वर्षे सोसली होती. माणसाची हाव त्याला नवी होती.

बाटलीवरच्या कोळ्याची पाठ माशाच्या ओझ्याने वाकलेली आपण पाहिली. एवढा मोठा मासा पुन्हा दिसायला हवा असेल, तर त्याला एवढे मोठे होऊ द्यायला हवे. आपल्या मुलांसाठी तेलाचा चमचा भरताना माशाच्या पोरांचाही विचार करायचा असतो, हे उमगायला माणसाला पाचशे वर्षे लागली!