हजेरीबाहेरची माणसे

2019 च्या उन्हाळ्यात सांगोला तालुक्यात ठिकठिकाणी पडलेल्या जनावरांच्या छावण्यांना सरकारी अनुदान दर जनावरामागे मिळत असल्यामुळे गाईम्हशींची हजेरी दप्तरात रोज लागत असे. परंतु त्यांच्यापुढे उसाचे वाडे टाकून, शेणघाण काढून, रात्री त्याच दावणीलगत पटकुरावर आडव्या होणाऱ्या माणसांसाठी त्या हजेरीत रकाना नव्हता. कचेरीने मोकळा सोडलेला हा रकाना भरणे, हे मी अनुबोधपटाचे पहिले प्रयोजन समजतो.

मात्र उपेक्षितांचे चित्रण म्हणजे त्यांच्यावर केलेला उपकारच, ही सुशिक्षितांत रूढ असलेली समजूत मुंबईतील झोपडपट्ट्यांच्या पाडकामावर आनंद पटवर्धन यांनी 1985 साली केलेल्या ‘हमारा शहर’ या चित्रपटात एका वस्तीतल्या बाईनेच खोडून काढली आहे. आमची दैना टिपून तुम्ही नाव मिळवाल, आमच्या पदरात काय पडणार, अशा आशयाचा जाब तिने कॅमेऱ्यासमोरच विचारला. संकलनात तो तुकडा वगळला असता तर कोणास पत्ताही लागला नसता. पटवर्धनांनी तो राखला, आणि पुढे विस्थापितांच्या पुनर्वसनासाठी ते स्वतः उपोषणास बसले. याच चित्रपटात गायलेले शाहीर विलास घोगरे यांनी, 11 जुलै 1997 रोजी मुंबईच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलिसांच्या गोळीबारात 10 जण मृत्युमुखी पडल्यानंतर काही दिवसांतच आत्महत्या केली, आणि तेथून सुरू झालेला पटवर्धनांचा ‘जय भीम कॉम्रेड’ हा चित्रपट 2011 साली, म्हणजे 14 वर्षांनी, पुरा झाला. चार दिवसांच्या मुक्कामात दुष्काळ उरकणाऱ्या वृत्तवाहिन्यांस हा हिशेब परवडणारा नव्हे!

सांगोल्यास येणाऱ्या अनुबोधपटकाराचे लक्ष प्रथम माण नदीच्या कोरड्या पात्राकडे आणि हंड्यांच्या रांगेकडे जाते, कारण अशी दृश्ये महोत्सवांत खपतात. परंतु याच माळावर डाळिंबाच्या बागा उभ्या राहिल्या आणि याच मतदारांनी शेतकरी कामगार पक्षाच्या गणपतराव देशमुखांना 11 वेळा विधानसभेत धाडले. अशा लोकांना केवळ दीनवाणे दाखवणे हा पाहुणचाराचा गैरफायदा होय. ज्यांचे चित्रण केले त्यांची संमती प्रामाणिकपणे घ्यावी, त्यांनी दिलेली शिवी चित्रपटात ठेवावी, आणि पहिला खेळ सांगोल्यातच, बाजाराच्या दिवशी, फुकट लावावा. महोत्सवांचे अर्ज त्यानंतर भरावेत.