चिंपांझी, उंदीर आणि सकाळच्या बातम्या

अमेरिकेतील एनबीसीने १४ जानेवारी १९५२ रोजी 'टुडे' सुरू केला, तेव्हा सकाळी सातला दूरचित्रवाणी पाहणार कोण, अशीच शंका होती. डेव्ह गॅरोवे सादर करीत असलेल्या या कार्यक्रमाकडे प्रेक्षक आणि जाहिरातदार वळले ते १९५३मध्ये, जे. फ्रेड मग्ज हा चिंपांझी पडद्यावर आल्यावर. त्या वर्षी २ जूनला राणी एलिझाबेथ यांच्या राज्याभिषेकाच्या अमेरिकी प्रक्षेपणातही तो झळकला. ब्रिटनमध्ये संताप उसळला. जाहिरातींवर चालणाऱ्या दूरचित्रवाणीच्या विरोधकांना आयताच दाखला मिळाला. तरीही १९५५मध्ये तिथे आयटीव्ही आली.

पुढे फेब्रुवारी १९८३मध्ये, पीटर जे यांच्या नेतृत्वाखालील 'टीव्ही-एएम'ने गंभीर विवेचनाचे व्रत घेऊन ब्रिटनमध्ये सकाळचे प्रक्षेपण सुरू केले. प्रेक्षक पांगले. त्यांना परत आणण्यात मोठा वाटा होता रोलंड रॅट या बोलक्या उंदराच्या बाहुलीचा!

दोन्हीकडे खर्च जाहिरातींतून निघायचा. म्हणून बातमीच्या वजनाआधी समोर बसलेली डोकी मोजली जात. सकाळच्या बातम्यांचा इतिहास लिहिताना संपादकांच्या शेजारी या दोघांचीही नोंद घ्यावी लागते, ती यासाठीच.